एका वाक्याची जागा

"टाचणी पडली तरी टेपवर येईल, एवढी शांतता मला हवी आहे," असं आठल्येबाईंनी बजावलं आणि ऑब्रीने ते आपल्या भाषेत यूलालीआजींना सांगितलं. आजींनी मान डोलावली. मी मशीन सुरू केलं. आम्ही सगळे श्वास रोखून बसलो. आजींनी हातातला कंद बाजूला ठेवला, घसा साफ केला आणि पुढची वीस मिनिटं त्या आपल्या कोंबड्यांबद्दल बोलल्या. कोणती कुठे अंडी घालते, कोणती दुसरीच्या अंड्यांवर जाऊन बसते आणि ती एक तांबडी कशी आगाऊ आहे, असं सगळं. ऑब्री खाली मान घालून भाषांतर करत होता आणि बाईंच्या वहीत एक अक्षर उतरत नव्हतं.

ही तिसरी सकाळ होती. पहिल्या दिवशी त्या पावसाबद्दल बोलल्या होत्या, दुसऱ्या दिवशी जावयाच्या होडीबद्दल. मधेच कासव आणि वाघाची एखादी छोटी गोष्ट सांगायच्या, पण ती गावातल्या शेंबड्या पोरालाही ठाऊक असायची. आम्हाला हवी होती ती गोष्ट वेगळी होती आणि ती त्यांच्याशिवाय कुणालाच येत नव्हती.

आठल्येबाई पुण्यातल्या एका कॉलेजात इंग्रजी शिकवायच्या आणि कॅरिबियन साहित्यावर मराठीत पुस्तक लिहीत होत्या. त्या साहित्यात त्या भागातल्या सगळ्यांचा आवाज आहे, फक्त जे तिथे सर्वांच्या आधीपासून होते त्यांचाच नाही, असं त्यांचं म्हणणं. म्हणून एक्क्याण्णव साली त्यांनी कुठून कुठून अर्ज करून गयानाचा दौरा मिळवला आणि ध्वनिमुद्रणासाठी मला सोबत घेतलं. मी पुष्पलता गुरव, वय एकोणतीस, एका स्टुडिओत टेप फिरवणारी बाई. साहित्यातलं मला ओ की ठो कळत नव्हतं. गयाना कुठे आहे हेही मी भाच्याच्या नकाशात पाहिलं होतं. जॉर्जटाउनहून मोटार, मग मोठी नदी, मग चहाच्या पाण्यासारख्या काळपट लाल ओढ्यातून दोन तास होडी, तेव्हा सँटा इनेस हे अरावाक या तिथल्या मूळ लोकांचं गाव आलं.

ऑब्री फ्रेडरिक्स गावचा शाळामास्तर. वय छत्तीस, अंगाने बारीक, सदऱ्याच्या खिशाला कायम दोन पेनं. त्याच्या कविता राजधानीच्या वर्तमानपत्रात छापून आल्या होत्या आणि बाईंशी त्याचा दोन वर्षं पत्रव्यवहार होता. त्याच्या घरी एका फळीवर पंधरावीस कादंबऱ्या होत्या, सगळ्या कॅरिबियन लेखकांच्या, आणि प्रत्येकीत एखाददुसरं पान दुमडलेलं. मी कारण विचारलं तेव्हा तो म्हणाला, "जिथे आमचं माणूस येतं ते पान मी दुमडतो. बहुतेक ठिकाणी आम्ही होडी वल्हवतो. दोन ठिकाणी झाडामागून बघतो. एका ठिकाणी आम्हाला मरून तीनशे वर्षं झालेली आहेत." तो हे हसत सांगायचा, पण पुस्तकं मात्र रोज पुसायचा.

त्याला स्वतःचं पुस्तक लिहायचं होतं. पण त्या गोष्टीमागे तो लागला होता ते पुस्तकासाठी नव्हे. ती गोष्ट त्याच्या आईकडे होती. त्यांचे पूर्वज या ओढ्यावर कसे आले त्याची ती गोष्ट. सातव्या वर्षी त्याला मिशनच्या वसतिगृहात घातलं. चौदाव्या वर्षी तिथे चिठ्ठी आली की आई गेली, आणि ती येईपर्यंत दोन आठवडे होऊन गेले होते. तो तसाच वही-पेन्सिल घेऊन गावी आला. यूलालीआजी म्हणजे त्याच्या आजोबांची बहीण. त्यांच्या दारात उभं राहून तो म्हणाला, आईची गोष्ट मला सांगा. त्या म्हणाल्या, कोंबड्यांना खायला घालायचं आहे. तेव्हापासून बावीस वर्षं तो त्या दारात बसत होता आणि बावीस वर्षं त्या कोंबड्यांबद्दल बोलत होत्या. आता त्यांना ऐंशी उलटली होती आणि चालताना धाप लागत होती.

"त्यांचा माझ्यावर राग आहे," तो म्हणाला. "कशाचा, ते मला अजून कळलेलं नाही."

चौथ्या दिवशी बाई आणि ऑब्री नदीच्या मुखाजवळच्या मिशनमध्ये जुन्या नोंदवह्या बघायला गेले. मी मागे राहिले, कारण माझं एक काम बाकी होतं. ध्वनिमुद्रण करणारे कुठेही गेले की त्या जागेचा नुसता आवाज घेऊन ठेवतात. कुणी बोलत नसताना तिथे वारा कसा वाहतो, छपरावर काय सरपटतं, तो आवाज. पुढे टेप जोडताना दोन वाक्यांमध्ये भरायला तो लागतो. तर आजींच्या झावळ्यांच्या उघड्या मांडवात मी मशीन लावलं, कानांवर हेडफोन चढवले आणि डोळे मिटून बसले. आजी एका कडेला कंद सोलत होत्या. ते कसावा, म्हणजे ज्याचा आपण साबुदाणा करतो तोच कंद. माझी आई संकष्टीला हाच खाऊन उपास करते, असं मी त्यांना आदल्या दिवशी मोडक्या इंग्रजीत सांगितलं होतं, तर त्या पोट धरून हसल्या होत्या. आम्ही रोज हेच जेवतो, म्हणजे आमचा जन्मभर उपासच की, असं त्यांचं म्हणणं पडलं.

डोळे मिटलेले असतानाच हेडफोनमध्ये त्यांचा आवाज आला. एक लांब ओळ, आपल्या भाषेत. मग त्या थांबल्या.

आता खरं तर मी गप्प राहायला हवं होतं. गप्प राहण्याचाच मला पगार होता. स्टुडिओत मी सर्दी झालेली असताना नाक दाबून तास तास काढलेले आहेत. पण ते थांबणं मला लहानपणापासून ओळखीचं होतं. आमच्या गावी, कोरेगावजवळ, आजोबा गोष्ट सांगायचे तेव्हा आम्हा पोरांपैकी एकाने हुंकारा द्यायचा असे. तो थांबला की आजोबा समजायचे पोरं झोपली, आणि गोष्ट तिथेच बंद. ते अंगात इतकं मुरलेलं होतं की माझ्या तोंडून "हं" निघून गेलं.

मी डोळे उघडले. आजी माझ्याकडे बघत होत्या. मग पुन्हा कंदाकडे बघून त्यांनी पुढची ओळ म्हटली आणि थांबल्या. मी म्हटलं, हं. मला एक शब्द कळत नव्हता. तरी थांबायची सोय नव्हती, कारण मी थांबले असते तर त्या थांबल्या असत्या. अर्ध्या तासाने स्पूल संपला आणि टेपचं टोक चाकावर फटफट आपटू लागलं. दुसरा लावायचा तर मधे मिनिटभर गेलं असतं. मी हेडफोन काढून ठेवले आणि नुसतीच हं म्हणत राहिले. शेवटची ओळ झाल्यावर आजी उठल्या, माझ्या डोक्यावर पिठाळ हात ठेवला आणि कोंबड्यांना खायला घालायला निघून गेल्या.

संध्याकाळी होडी लागायच्या आतच पोरांनी ऑब्रीला बातमी दिली होती. तो धावत आला.

"त्यांनी सांगितली? आणि उत्तर कुणी दिलं?"

"मी," मी म्हणाले. मला वाटलं तो खूश होईल.

तो मांडवाच्या खांबाला टेकून खालीच बसला. मग त्याने मला त्यांच्या घरातली रीत सांगितली. सगळ्या अरावाकांची ती आहे असं मी म्हणत नाही, त्या एका घराची होती. जो उत्तर देतो त्याच्याकडे गोष्ट जाते. त्याने ती आयुष्यात एकदा एकालाच द्यायची. देऊन झाली की, घेणाऱ्याला शिकवण्यापुरती सोडली तर, पुन्हा तोंडातून काढायची नाही. म्हणजे आजी आता ती कधीच कुणाला सांगणार नव्हत्या. ती माझी झाली होती.

"बावीस वर्षं मी इथे बसतोय," तो म्हणाला. "तुम्ही चार दिवसांपूर्वी आलात." एवढंच बोलला. आवाज चढवला असता तर बरं झालं असतं.

बाईंनी रात्रीच्या जेवणाआधी टेप ऐकला आणि दोन मिनिटांत हेडफोन काढले. "पुष्पा, दर ओळीमागे तुझं हं आहे."

"हो."

"कापता येईल?"

"येईल, पण दर ओळीमागे भोक पडेल. आणि गोष्ट निम्मीच आली आहे. स्पूल संपला होता."

बाईंनी कपाळाला हात लावला. मी ऑब्रीला म्हटलं, निम्मी तर निम्मी, टेप तुमच्याकडे ठेवा, तुमच्या आईची आहे. त्याने टेपकडे पाहिलंसुद्धा नाही. माझी नाही ती, म्हणाला, आणि वह्या तपासायच्या आहेत असं सांगून उठून गेला. मला त्या रात्री जेवण गेलं नाही. न कळून का होईना, मी एका माणसाची आई त्याच्या हातातून काढून घेतली होती असं मला वाटत होतं.

सकाळी मी तो स्पूल घेऊन आजींकडे गेले. त्यांना इंग्रजी येत असे, फक्त बाईंसमोर येत नसे. मी म्हटलं, तुम्हीच हा ऑब्रीला द्या. त्यांनी स्पूल हातात घेतला, उलटासुलटा केला.

"मी उत्तर दिलं नाही, तर हा थांबतो?"

"नाही."

"मग हा काय सांगणार?" त्यांनी तो परत दिला आणि माझ्यासमोर एक सुरी आणि एक कंद सरकवला. "तू शीक. ही माझ्या तोंडची शेवटची."

अशी मी चार दिवसांत, जिचा एक शब्द मला कळत नव्हता ती गोष्ट शिकायला बसले. आज विचार केला तर हसू येतं. पण आजींची शिकवण्याची हातोटी अशी होती की दगडही बोलू लागला असता. गोष्ट त्यांच्या डोक्यात नव्हती, हातात होती. कंद सोलताना सुरीची एक ओढ, तेवढी एक ओळ. एक कंद सोलून झाला की एक भाग संपला. लांबुडका कंद कुठल्या भागाला घ्यायचा आणि गाठाळ कुठल्याला, हेही ठरलेलं. नदी वळते त्या भागाला वाकडा कंदच लागे. अशी ती अकरा कंदांची गोष्ट होती. मी चुकले की त्या काही बोलत नसत, सुरीची मूठ टिनाच्या घमेल्यावर टक् करून वाजवायच्या. पहिल्या दिवशी नुसती टकटक चालली होती. माझं अख्खं आयुष्य दुसऱ्यांचे आवाज नीट ऐकण्यात गेलेलं, तरी एकेका स्वराची लांबी त्या माझ्याकडून वीस वीस वेळा घासून घेत. एकदा सातव्या कंदात मी एक बारीकशी ओळ गाळली. त्या तेव्हा मांडवाच्या पार मागे, चुलीवर भाकर उलटत होत्या. तिथून त्यांनी चुलीच्या तव्यावर टक् केलं.

बाई आधी माझ्यावर नाराज होत्या. दुसऱ्या दिवशी येऊन बाजूला बसल्या. तिसऱ्या दिवशी त्यांनी स्वतःच एक सुरी मागून घेतली आणि अंगठा कापून घेतला. "तीस वर्षं मी मौखिक परंपरा हा शब्द वापरते आहे," त्या बोटाला चिंधी गुंडाळत म्हणाल्या, "आणि मला वाटायचं ती तोंडात असते."

ऑब्री मात्र मांडवाकडे फिरकत नव्हता. शाळेत जायला तो ओढ्याच्या कडेने लांबचा फेरा घेऊ लागला. जेवताना नम्रपणे मीठ हवं का विचारायचा. एकदा मात्र मी गोष्ट म्हणत असताना कुंपणाबाहेर कुणी तरी उभं असल्यासारखं वाटलं. आजींनी लगेच मोठमोठ्याने कोंबड्यांना हाका मारल्या आणि पावलं निघून गेली.

नवव्या दिवशी आम्ही निघणार होतो. आठव्या दुपारी अकरावा कंद माझा न चुकता झाला. तो संपायच्या जरा आधी आजींनी हात वर करून मला थांबवलं. तिथे ज्या ओळी येतात त्या जुन्या गोष्टीतल्या नाहीत, असं त्यांनी सांगितलं. ज्याने ज्याने ती वाहिली त्याने आपलं एकेक वाक्य तिथे ठेवलं आहे. त्यांनी बोटाने कंदावर खुणा करून दाखवल्या. ही माझी. ही माझ्याआधीची, ऑब्रीच्या आईची. ही तिच्या मामाची. अशा सोळा ओळी होत्या.

"इथे तुझी," त्या म्हणाल्या. "सांगशील तेव्हा टाक. तुझ्या भाषेत."

मी विचारलं, पण सांगू कुणाला?

"तुला वाटेल त्याला. मागेल त्याला नाही."

त्यांनी सुरी खाली ठेवली. इतक्या दिवसांत त्यांचे हात रिकामे मी पहिल्यांदाच पाहत होते.

"त्याची आई जाताना माझ्याकडे देऊन गेली. म्हणाली, तो शाळेतून येईल, त्याला दे. मी वाट बघितली. रोज दोन कंद जास्तीचे काढून ठेवायची. तो आला. दारातच उभा राहिला. वही होती. शाळेत शिकवतात तसा हात वर केला आणि मागितली." त्या जरा थांबल्या. मी हं म्हटलं. "मागितलेली देता येत नाही. का देत नाही तेही सांगता येत नाही. नुसता बसला असता, एक कंद हातात घेतला असता, तर त्याच दिवशी दिली असती. चौदा वर्षांचं पोर. त्याला कोण सांगणार? ज्यांनी सांगायचं ते घरातच होते आणि तो शाळेत."

दुसऱ्या कुणामार्फत का नाही दिली, असं मी विचारलं. त्या हसल्या. त्याने तीन जणांना पाठवलं होतं, म्हणाल्या. तिघांनीही आल्या आल्या मागितली. तुझ्या मॅडमनी पण मागितली, कागदावर लिहून आणली होती.

"आणि मी?"

"तू काहीच मागितलं नाहीस. तीन दिवस नुसती ती गोल फिरणारी चाकं बघत होतीस."

म्हणजे राग नव्हताच. आजी बावीस वर्षं त्या मुलाला रोज समोर बसवून कोंबड्यांबद्दल बोलत होत्या आणि वाट बघत होत्या, न मागणारं कुणीतरी कधी येतंय याची. मला रडू आलं. त्यांनी मला रडू दिलं आणि मग घमेल्यावर टक् करून पहिल्या कंदापासून पुन्हा सुरू करायला लावलं.

नवव्या सकाळी सामान बांधून झालं होतं. होडी दुपारी येणार होती. बाई मशीनच्या पेटीवर बसल्या होत्या, आजी आणि मी मांडवात. ऑब्रीला कसं बोलवावं हे मला सुचत नव्हतं, कारण बोलावलं तर तो कशाला म्हणून विचारणार. तेवढ्यात तो समोरच्या वाटेने सरळ मांडवाकडेच येताना दिसला. लांबचा फेरा न घेता. अंगात धुतलेला सदरा, दोन्ही पेनं खिशाला, आणि रात्रभर मनाशी घोकून ठेवल्यासारखा चेहरा. अभिमान गिळून तो मागायला येत होता. आणि त्याने मागितली की मला ती देता येणार नव्हती.

आजींचा सोलणारा हात थांबला.

तो मांडवाशी पोचला. "मिस पुष्पा," तो म्हणाला, "मला तुमच्याकडे एक..."

मी हाताला लागला तो कंद उचलला आणि पहिली ओळ म्हटली. म्हटली कसली, जवळजवळ ओरडलेच. मग त्या ओळीपुढे जसं थांबायचं तशी थांबले.

तो तोंड अर्धं उघडं ठेवून उभा राहिला. रेकॉर्डिंगवाल्यांना सेकंद मोजायची सवय असते. मी अकरा मोजले. बारावा चालू असताना त्याच्या नाकातून, घशातून तो आवाज आला. आमच्या हुंकाऱ्याहून खोल, दोन तुकड्यांचा. आईने तिच्या मामाला उत्तर देताना सातव्या वर्षाआधी कधीतरी त्याने जो ऐकला असेल तो.

मी दुसरी ओळ म्हटली.

तो हळूहळू खाली बसला, माझ्यासमोर मातीत. बाईंचा हात मशीनच्या पेटीकडे गेला. त्यांनी एक कडी उघडली, माझ्याकडे पाहिलं आणि परत लावून घेतली. मी नदी वळवली, वाकडा कंद घेतला. पाचव्या कंदाला तो खळखळून हसला. तिथे हसण्यासारखं काही आहे हे मला तेव्हा कळलं. आठव्याला त्याने सुरी उचलली आणि माझ्याबरोबर सोलू लागला. आजी आमच्याकडे बघत नव्हत्या. एकच कंद त्या कधीच्या सोलत होत्या, त्याचं पार खडूएवढं काहीतरी उरलं होतं.

अकराव्या कंदात त्या सोळा ओळी आल्या. पंधरावी मी म्हटली आणि उत्तर आलं नाही.

ऑब्रीने ओठ आवळून धरले होते. डोळ्यांतून पाणी सदऱ्यावर पडत होतं आणि तो ते पुसत नव्हता. ते वाक्य काय होतं मला माहीत नाही. कोणी, कोणासाठी ठेवलं होतं तेवढं माहीत होतं. मी थांबले. मोजलं नाही. थांबणं एवढंच माझ्या हातात होतं आणि ते मी नीट केलं, एवढं मी स्वतःबद्दल म्हणेन. बऱ्याच वेळाने त्याने उत्तर दिलं, इतकं हळू की माझ्या मशीनवरसुद्धा आलं नसतं.

मग आजींची ओळ. मग मी माझं वाक्य टाकलं, मराठीत. ठरवून काहीच ठेवलं नव्हतं. कंदाचा चीक लागलेले माझे हात आपोआप पुढे झाले आणि तोंडात आलं ते म्हणून गेले. बाईंनी तोंडाला पदर लावला. ऑब्रीला त्यातलं अक्षर कळलं नसणार, तरी त्याने उत्तर दिलं. उरलेल्या दोन ओळी म्हटल्या आणि गोष्ट संपली.

यूलालीआजींनी माझ्यापुढच्या साली उचलून बघितल्या आणि म्हणाल्या, फार जाड सोलतेस, निम्मा कंद वाया घालवलास.

धक्क्यापर्यंत ऑब्री माझी पेटी घेऊन आला. दरम्यान आजींनी त्याला सगळं सांगितलं असावं. सांगायला आता हरकत नव्हती. तो म्हणाला, "मी शाळेत रोज मुलांना शिकवतो, मनात असेल ते हात वर करून विचारा." "ते शिकवीनच. पण बरोबर, न मागता नुसतं बसायलाही शिकवीन." माझ्या वाक्याचा अर्थ त्याने विचारला नाही. त्याच्या आईच्या वाक्याचा मी विचारला नाही. होडी सुटली.

पुढल्या वर्षी आजी गेल्या; तोवर ऑब्री चुकला की टक् करायला त्या होत्याच. ऑब्रीची नाताळला पत्रं यायची, त्यांत गोष्टीचा उल्लेख कधी नसे. त्याचं पुस्तक निघालं, छान निघालं. ती गोष्ट त्यात नाही. मीही ती पुन्हा तोंडातून काढली नाही. बटाटे सोलताना दोन-चार ओळी जिभेवर येतात, पण मी ओठ मिटून घेते.

गेल्या वर्षी आठल्येबाईंनी, आता त्या पंच्याऐंशीच्या आहेत, मला एका परदेशी नियतकालिकातल्या लेखाची झेरॉक्स पाठवली. कडेला पेन्सिलीने लिहिलं होतं, "पुष्पा, कळवायचं का त्यांना?" मी त्याखाली "नको" लिहून परत पाठवलं. सँटा इनेसमध्ये ऑब्रीच्या एका विद्यार्थिनीने सांगितलेली गोष्ट कुणा संशोधकाने कुंपणाबाहेर उभं राहून ऐकली होती. पुढे त्याने ती तिच्याकडे मागितली, म्हणून अर्थातच ती त्याला मिळाली नाही. तरी ऐकताना वहीत टिपलेली एक ओळ त्याने लेखात दिली आहे. ती त्या भाषेच्या कोणत्याच नियमात बसत नाही, बहुधा एखाद्या अतिप्राचीन, लोप पावलेल्या बोलीतली असावी, असं त्याचं मत आहे. वेड्यावाकड्या रोमन अक्षरांत छापलेली ती ओळ मी दोनदा मोठ्याने वाचली. ती माझी आहे, म्हणून सांगायला हरकत नाही. "घे रे बाबा, तुझ्या आईचीच होती."

त्याखाली त्याने आणखी एक निरीक्षण नोंदवलं आहे. या ओळीपाशी आल्यावर सांगणारी मुलगी सोलणं थांबवते आणि चिकाने माखलेले दोन्ही हात समोरच्यापुढे करते. असं का, हे त्याने गावात बऱ्याच जणांना विचारलं. कुणी सांगितलं नाही.